मोबाईल पान्हा चोरतो

आमच्या समोरचे बसूअण्णा गवळी मोबाईलची पाठ थोपटतात. चेष्टेनं सांगत नाही, खरंच थोपटतात. डाव्या तळहातावर फोन ठेवायचा, उजव्या हातानं त्याच्या पाठीवरून सावकाश हात फिरवायचा आणि अगदी हळू आवाजात म्हणायचं, "हं... सोड गं बाई, सोड." नवीन माणूस बघतच राहतो. आम्हाला सवय झाली. हाच हात आणि हेच शब्द दोन्ही वेळच्या धारेला त्यांच्या म्हशींच्या वाट्याला येतात, मग फोननं काय घोडं मारलंय?

अण्णांचं एक ठरलेलं वाक्य आहे. "जनावर हाय, त्येला कळतंय." हे ते चंद्रा म्हशीबद्दल म्हणतात, तसंच स्कूटरबद्दल, नळाबद्दल आणि एकदा माझ्या मिक्सरबद्दलही म्हणाले होते. ऐन पाहुणे यायच्या वेळी तो बंद पडला. अण्णा दूध घालायला आले होते. म्हणाले, "वैनी, तापलंय ते. सावलीत ठेवा, घटकाभर बोलू नका त्येच्याशी." मी कशाला मिक्सरशी बोलतेय? पण ठेवला बाई सावलीत. आणि चालू झाला की. त्या दिवसापासून गल्लीतली बिघडलेली यंत्रं आधी अण्णांकडं जायची आणि मग दुरुस्तीवाल्याकडं.

दुसरी गोष्ट म्हणजे अण्णा कधी आवाज चढवत नाहीत. आमच्या कोल्हापुरात ही नवलाईच म्हणायची. इथं माणूस प्रेमानं बोलला तरी दोन गल्ल्या पलीकडं भांडण लागल्यासारखं वाटतं. पण अण्णांचा धंदा असा, की संध्याकाळी म्हशी कट्ट्यावर आणायच्या, गिऱ्हाईकासमोर धार काढायची आणि फेसासकट पेला हातात द्यायचा. कुणी ओरडलं की म्हैस बुजते आणि पान्हा चोरते. म्हणून अण्णा आयुष्यभर कुजबुजत आले.

त्यांच्या वाटणीचं ओरडायचं काम इस्माईलभाई करायचे. समोरच त्यांचं गाद्यांचं दुकान. कापूस पिंजून पिंजून छाती भरलेली, पण आवाज असा की तालमीतली पोरं जोर मारता मारता थांबायची. दिवाळी पाडव्याला म्हशी सजवून पळवतात ना, तेव्हा अण्णा स्कूटर चालवायचे, चंद्रा शिंगांना मोरपिसं लावून मागनं धावायची आणि मागच्या सीटवर उलटं बसून इस्माईलभाई बोंबलायचे, "आली रं आली, आमची हिरोईन आली." दुपारी दोन्ही धंदे थंड असायचे. मग कट्ट्यावर बुद्धिबळाचा पट पडायचा. अण्णा मुकाट चाल करायचे आणि इस्माईलभाई प्रत्येक चालीला गर्जायचे, "गेलास की रं बश्या." मी माझ्या स्वयंपाकघरात भाकरी थापत असायची, मला आवाजावरून कळायचं कुणाचा उंट पडला.

डाव अर्धवट मोडायचा नाही, असा दोघांचा नेम. एका पावसाळ्यात पंचगंगेचं पाणी गोठ्यापर्यंत चढलं. लोक धान्य, कपडे वर चढवत होते आणि हे दोघं पट आडवा धरून, एक सोंगटी न हलवता, माझ्या कपाटावर ठेवायला आले. पाणी उतरेपर्यंत माझ्या लोणच्याच्या बरण्या खाली आणि यांचा राजा वर.

नंतर इस्माईलभाईंना घशाचं दुखणं लागलं. मुलगी शबाना बेंगळुरात काँप्युटरच्या नोकरीत, तिनं उपचाराला तिकडं नेलं आणि ठेवूनच घेतलं. इकडं गादीच्या दुकानाला कुलूप लागलं आणि कट्ट्यावर एक डाव अर्धाच राहिला. अण्णांना तिकडं जायची सोय नव्हती, कारण चंद्रा दुसऱ्या हाताला धार देत नाही. दुपारी ते एकटेच पटासमोर बसायचे. शेवटी शबानानंच युक्ती काढली. काँप्युटरवर परगावच्या माणसाशी बुद्धिबळ खेळता येतं म्हणे, आणि त्याचंच एक धाकटं भावंड मोबाईलमध्ये बसतं. तुमची पाळी आली की ते टुण्ण वाजतं, तुम्ही चाल करायची, ती नेटवरून पलीकडं जाते. पटावरचा तो अर्धा डाव तिनं सोंगटीला सोंगटी जुळवून दोघांच्या फोनवर मांडून दिला. अट एकच. तीन दिवसांत चाल गेली नाही, तर खेळणारा डाव सोडून गेला असं समजून तो डाव बंद होतो.

अण्णा ते शिकले. कधी कधी चाल जायची नाही, मग ते फोन पितळेच्या चरवीत उभा करायचे, पूर्वेला तोंड करून धरायचे, पाठ थोपटायचे. नेटवर्क यायचं तेव्हा यायचंच, पण श्रेय चरवीला मिळायचं.

यंदा वैशाखात मात्र सगळे उपाय थकले. चाल केली की पडद्यावर इंग्रजीत 'कनेक्शन एरर'. पुन्हा केली, पुन्हा तेच.

"पान्हा चोरतीया, वैनी," अण्णा म्हणाले. "रुसलीया कशावरनं तरी."

मोबाईलच्या दुकानात नेला. तिथला माणूस म्हणाला, टॉवर चांगला आहे, फोन जुना झाला, नवा घ्या. अण्णा परत आले ते तोंड पाडून. "म्हातारी झाली म्हणून म्हस विकतोय व्हय मी?"

मी म्हटलं, "अण्णा, बोलायचा फोन तर लागतोय ना? मग सरळ फोन करा इस्माईलभाईंना. सांगा, नेट बंद आहे, चाल तोंडीच घ्या."

अण्णा चरवी उगाचच पुसायला लागले. "फोन नगो," एवढंच म्हणाले. आणि थोड्या वेळानं, "आज सांजपत्तर चाल गेली न्हाय तर त्येच्या फोनवर येणार, बसू डाव सोडून गेला. तसलं वाचायला लागू नये त्येला."

संध्याकाळी मी तांब्या घेऊन कट्ट्यावर गेले. चंद्रा उभी, दोन-तीन गिऱ्हाईकं उभी, अण्णांचं लक्ष चरवीतल्या फोनकडं. माझ्या मनात संकष्टी कधी आहे ते घोळत होतं. म्हटलं, बघू फोनमध्ये तारीख. उचलला आणि बघते तर काय, शनिवार, एक जानेवारी. इथं माझ्या पदराला घाम पुसून पुसून पाणी सुटलेलं. आणि साल बघितलं तर चार वर्षांमागचं.

"अण्णा, तुमच्या फोनात थंडी पडलीय की हो. हा काय प्रकार?"

मग उलगडलं. उन्हाळ्यात फोन तापतो म्हणून अण्णा रोज दुपारी त्याची बॅटरी काढून ठेवायला लागले होते. "दुपारचं रवंथ करू द्यायला पायजे की जनावराला," ते म्हणाले. आमच्या टेबलावरच्या घड्याळाचा सेल काढला की ते असंच सगळं विसरतं आणि पहिल्यापासून मोजायला लागतं, ते मला आठवलं. मी म्हटलं, "अहो, सालच जुळत नाही तर पलीकडचे दार कसं उघडतील? ते म्हणत असतील, हा कोण जुन्या काळातला पावणा आला." शबानानंही पुढं तेच सांगितलं, फक्त तिनं इंग्रजीत सांगितलं.

"आणा, तारीख बदलू," मी हात पुढं केला.

अण्णांनी फोन दिला नाही. पडद्याकडं बघत राहिले.

"ह्या साली इस्माईल हितंच हुता," ते म्हणाले. "ह्या कट्ट्यावर. बोंबलत हुता."

मी पुढं केलेला हात मागं घेतला.

"त्येच्या घशातली आवाजाची पेटीच काढली, वैनी. आवाज गेला. पोरगी फोन त्येच्या कानाला लावती, मी हितनं 'इस्माईल' म्हणतो, आन् तिकडनं नुसता श्वास येतो. मग मला बी फुडं काय सुचत न्हाय. चाल आली की कळतंय, गडी हाय, बसलाय, डोस्कं चालवतोय." त्यांनी फोनवरून हात फिरवला. "दोन मिंटं राहू दे की हेच साल."

मागनं एकजण म्हणाला, "अण्णा, दूध देताय न्हवं?"

"थांबा की पावणं," मीच म्हटलं.

मग अण्णांनी आपल्याच हातानं तारीख बदलली. अंगठ्यानं एकेक साल पुढं ढकललं. मधल्या एका सालावर अंगठा अडला, मग तोही पुढं गेला. आजची तारीख लागली. चाल केली. या वेळी पडद्यावर काही आलं नाही, नुसती सोंगटी आपल्या घरात जाऊन बसली. गेली एकदाची.

अण्णा फोन चरवीत ठेवून, बादली घेऊन धारेला बसले. पहिला पेला भरतो न भरतो तोच टुण्ण वाजलं. एवढ्यात उत्तर? म्हणजे तिकडं माणूस फोन हातात घेऊनच बसला होता.

अण्णांनी मान वाकडी करून बघितलं. चेहरा असा फुलला की काय सांगू. "घोडा घातला माझ्या तोंडात. येडं ते येडंच."

आणि ज्या माणसाला आम्ही कधी मोठ्यानं खोकताना ऐकलं नव्हतं, तो छाती भरून गरजला, "गेलास की रं इस्माल्या."

तालमीच्या दारातनं दोन पोरं बाहेर आली. सगळा कट्टा थांबला. चंद्रानं मान वळवून एकदा गादीच्या बंद दुकानाकडं बघितलं, एकदा अण्णांकडं. पण बादलीतला धारेचा आवाज काही थांबला नाही.