दिगंबरकाकांचं कापलेलं वाक्य

नऊ वर्षं मी दिगंबरकाकांच्या लेखाचं शेवटचं वाक्य कापत आलो. त्यांनी विचारलं की सांगायचो, "काका, वरून कापतात." वर कुणी नव्हतं. बनारसच्या एका हिंदी दैनिकाचं रविवारचं पान मीच लावतो.

काका ब्रह्मा घाटावर आमच्याच गल्लीत राहतात. बँकेतून निवृत्त झाल्यापासून सिनेमाच्या गाण्यांवर लिहितात, पण सिनेमा बघत नाहीत. म्हणजे तिकीट काढून थिएटरात जातात आणि खुर्चीवर उलटे गुडघे टेकून, पडद्याकडे पाठ करून, मागच्या स्पीकरकडे तोंड करून बसतात. मागच्या रांगेतल्या एका मुलीला वाटलं, हा म्हातारा आपल्याकडेच बघतोय.

"अंकल, पिक्चर उधर है."

"पिक्चर आप देखिए, बेटा. हम मैंडोलिन वाले से मिलने आए हैं."

"मागे कोण आहे?" हा त्यांचा कायमचा प्रश्न. गायक सगळ्यांना ठाऊक असतो. त्याच्या मागे वाजवतंय कोण? मुंबईला फोन लावून लावून ते नाव मिळवतात. हल्ली पुष्कळ गाणी कंप्यूटरवरच होतात म्हटलं, तर त्यांनी कंप्यूटर चालवणाऱ्याचं नाव शोधलं. माझ्या भाचीच्या लग्नात अक्षता पडताच ते थेट भटारखान्यात गेले आणि "कढी कुणाची?" विचारून आचाऱ्याला पेढा भरवून आले. व्याही ओळख करून घ्यायला ताटकळत राहिले.

मिळालेलं नाव ते लेखाच्या शेवटच्या वाक्यात लिहायचे. आमच्या धंद्यात मजकूर वाढला की शेवटून कापतात. "वर घ्या ना," मी एकदा म्हटलं.

"मैफलीत साथीदारांची नावं शेवटी घेतात. टाळ्या तेव्हा नीट पडतात."

खरं तर जागा असायची. मला ते वाक्यच फालतू वाटायचं. ते काढून मी नटीचा फोटो बोटभर वाढवायचो.

गेल्या थंडीत काका तापानं पडले, म्हणून लेख आणायला मी घरी गेलो. टेबलावर आमच्याच पुरवणीच्या प्रती होत्या. प्रत्येकीत लेखाखाली, पेनानं, सुवाच्य अक्षरात, मी कापलेलं वाक्य. शेजारी रजिस्टर पोस्टाची पाकिटं.

"वाजवणाऱ्यांना पाठवतो रे," काका म्हणाले. "घरच्यांनासुद्धा ठाऊक नसतं, हे कुठल्या गाण्यात वाजले ते. नातवंडांना दाखवायला काही नको? छापील असतं तर बरं. पण वरचे ऐकत नाहीत, तू तरी काय करणार."

एक पाकीट परत आलं होतं. मनोहर सावे, शिवडी. पोस्टमननं शेरा मारला होता, 'मालक मयत'.

"ह्यांनी दोनदा फोन केला होता," काका म्हणाले. "आलं का माझं नाव, म्हणून. मी म्हटलं, येईल."

"वर कुणी नाही, काका. मीच कापतो."

काका बराच वेळ ते पाकीट उलटसुलट करत राहिले. त्यांनी मला घराबाहेर काढलं असतं तरी चाललं असतं. त्यांनी आपलं पेन माझ्यापुढे सरकवलं.

"मला कशाला सांगतोस? ह्यांच्या घरी लिही."

आता ते वाक्य दर रविवारी छापून येतं. गाणं लागलं की मला मागचा माणूस ऐकू येतो. पन्नाशी उलटल्यावर मला कान मिळाले, ते काकांमुळे. पण त्या दुपारी, त्यांच्या टेबलाशी बसून, मला चारच ओळी सुचल्या:

"सावेबाई, सोबतच्या लेखातल्या गाण्यात मेंडोलिन तुमच्या यजमानांनी वाजवलं होतं. लेखात त्यांचं नाव होतं. ते मी कापलं. मला क्षमा करा."