अनामतीचा ताबा

"तुमची अनामत आम्ही परत केली होती," वसुली अधिकारी फायलीतून मान वर न काढता म्हणाले. "पण ती परत आली."

"कुणाकडे?"

"आमच्याकडेच."

शिंपीकाका खुर्चीच्या कडेवर बसले होते, शेजारी काकू. बुडीत कर्जापोटी बँकेने जप्त केलेला एक गाळा लिलावात निघाला, तेव्हा काकांनी ऐंशी हजार रुपये अनामत भरून बोली लावली होती. गाळा दुसऱ्याच कुणीतरी घेतला. त्याचं काकांना वाईट वाटलं नव्हतं. ज्याचं त्याला मिळतं. पण त्यांचं सध्याचं दुकान एक तारखेला रिकामं करायचं होतं, आणि नव्या जागेचा मालक ऐंशी हजार आगाऊ मागत होता. आज तेवीस तारीख. आठ दिवसांनी शिलाई मशीन कुठे ठेवायचं हा प्रश्न होता.

अधिकाऱ्यांनी काकांनी भरलेला फॉर्म पुढे सरकवला. "खाते क्रमांकाला चौकोन सोळा. तुमचा क्रमांक चौदा आकडी. तुम्ही एक शून्य सुरुवातीला घातलंत आणि एक शेवटी."

"दोन चौकोन उरत होते ना," काका म्हणाले. "कापड जास्त असलं की आम्ही शिवणीत दोन्हीकडे सारखी माया सोडतो. एकीकडेच सोडली तर अंगावर नीट बसत नाही."

काकूंनी डोळे मिटून घेतले. दिवसभरात कुणाला लागेल असं बोलायचं नाही, हा त्यांचा रोजचा नेम होता. आणि तो मोडायचे प्रसंग बहुधा घरातूनच येत.

"छान बसलंय हो," त्या हळूच म्हणाल्या.

"मग ती शून्यं आता खोडून टाका की साहेब," काका म्हणाले.

"दुरुस्तीचा अर्ज साठ दिवसांच्या आत करायचा. आज एकसष्टावा." अधिकारी माणूस वाईट नव्हता. नियमावर त्याची भाबडी श्रद्धा होती, एवढंच. "या विभागात जे काही साठ दिवस पडून राहतं, त्याची नोटीस निघते, किंमत ठरते आणि लिलाव होतो. ट्रक असो, पिठाची गिरणी असो. अनामत सोडून, असं नियमात कुठेही म्हटलेलं नाही."

"म्हणजे माझ्याच पैशांचा लिलाव?"

"तुम्हीही बोली लावू शकता," अधिकारी प्रेमाने म्हणाले. "काही मनाई नाही."

किंमत ठरवणारे सकाळीच येऊनही गेले होते. त्यांचा शेरा असा होता: 'रक्कम वापरलेली. यापूर्वी एका लिलावात हरलेली आहे. राखीव किंमत तीस हजार.' या अनामतीच्या लिलावात उतरण्यासाठी आणखी तीन हजारांची अनामत होती. तो फॉर्म मात्र काकूंनी भरला.

पंचवीस तारखेला मालमत्तेची पाहणी होती. काका-काकू पोचले तेव्हा एक भंगारवाले शेठ आधीच येऊन बसले होते. बँकेच्या प्रत्येक लिलावात ते बोली लावत. अधिकाऱ्यांनी टेबलाच्या डावीकडचं लोखंडी कपाट उघडून एक हिरवी फाईल दाखवली.

"हीच मालमत्ता?" शेठनी फाईल हातात तोलली. "वजन काहीच नाही हो."

"जशी आहे, जिथे आहे, त्या स्थितीत."

"आतून काही गंजबिंज?"

"कागद आहे शेठ."

"आणि हे कोण?"

"मी तिचा आधीचा मालक," काका म्हणाले.

शेठ दोन पावलं मागे सरले. "मग आपलं काम नाही. मालकाचा जीव अडकलेल्या वस्तूत मी हात घालत नाही. मागे एक रिक्षा घेतली होती. मालक वर्षभर येऊन तिला पुसून जायचा."

सत्तावीस तारखेला काका एकटेच बोलीदार होते. घरच्या डब्यातले तीस हजार भरून त्यांनी आपले ऐंशी हजार जिंकले. अधिकाऱ्यांनी उभं राहून हात मिळवला आणि शिक्क्याचं प्रमाणपत्र दिलं.

"आता पैसे?"

"मुख्य कार्यालयाचा आदेश आला की. दोन महिने, चार महिने... तोवर हा प्रतीकात्मक ताबा."

काकांचा चेहरा उसवलेल्या बाहीसारखा झाला. काकूंनी मनातल्या मनात नेमाची आठवण केली आणि गोड आवाजात विचारलं, "साहेब, खराखुरा ताबा कसा घेतात हो?"

"सोपं आहे." अधिकाऱ्यांनी नियमांचं पुस्तक उघडून मोठ्याने वाचलं. "खरेदीदाराने मालमत्ता असलेल्या ठिकाणी आपल्या सामानासह जाऊन राहावे. त्यास कोणीही अटकाव..." इथे त्यांचा आवाज बारीक झाला. नियम घरांसाठी लिहिलेला होता. पण घरच हवं, असंही त्यात कुठे म्हटलेलं नव्हतं.

एक तारखेला सकाळी दहा वाजता काका हातगाडीवरून मशीन घेऊन बँकेत आले. कपाटाला टेकवून त्यांनी ते लावलं, वर दिवा होताच. अकराला शाखाधिकारी तिथून गेले आणि परत मागे आले.

"हे काय चाललंय?"

"ताबाधारक आहेत, साहेब," अधिकाऱ्यांनी पुस्तकातला नियम दाखवला.

शाखाधिकाऱ्यांनी तो दोनदा वाचला. मग इकडेतिकडे बघत विचारलं, "पँटची उंची कमी करून मिळेल का?"

पंधरा दिवसांत रोखपालाचे तीन सदरे झाले. कर्ज मागायला आलेल्या माणसांच्या कॉलर उलटून मिळू लागल्या आणि ती माणसं नाकारली गेली तरी नीटनेटकी घरी जाऊ लागली. काकू दुपारी डबा घेऊन येत आणि काजं करत बसत. भाडं नाही, गिऱ्हाईक दारात. नव्या जागेच्या मालकाने निरोप धाडला, की आगाऊ रक्कम निम्मी द्या, पण या. काकांनी नम्रपणे कळवलं, की तूर्त हलता येत नाही, ताबा जाईल.

आणि तिसऱ्या आठवड्यात अधिकारी कागद फडकावत धावत आले. "काका! आदेश आला! इथे फक्त सही करा, आजच पैसे!"

मशीन थांबलं. रोखपालाने नोटा मोजणं सोडलं. शाखाधिकारी केबिनच्या दारात उभे राहिले. त्यांच्या मुलीच्या लग्नाचा कोट अजून कच्च्या टाक्यांवर होता.

"इतक्या लवकर?" काकूंनी विचारलं. त्यांच्या आवाजात राग नव्हता, नुसती काळजी होती. "सगळं नियमाने झालंय ना, साहेब? घाईत काही राहून गेलं तर तुमच्यावर यायचं."

अधिकाऱ्यांचा चेहरा उतरला. नियमाचं नाव काढलं की त्यांना काही सुचत नसे.

"पुन्हा एकदा तपासून बघा सावकाश," काका उठून म्हणाले. त्यांनी गळ्यातली टेप काढली. "तोवर हात वर करा बघू. तुमच्या छातीचं माप राहिलंय."

अधिकाऱ्यांनी हात वर केले. आदेश खाली पडला, आणि तो उचलायला कुणीच वाकलं नाही.