परकं गिऱ्हाईक पाहिजे

"खात्याला उत्तर द्यायला दहा दिवस कशाला, मी सहा दिवसांत देते," दीपिका धुरी व्हिडिओ मीटिंगमध्ये म्हणाली. हॅम्बुर्गच्या साहेबांनी मान डोलावली, दुबईच्या साहेबांनी हसून हात जोडले. पुण्याची करसल्लागार संचिता हिने मात्र वहीत दहावाच दिवस लिहून ठेवला. बारा वर्षं कर खात्याची पत्रं वाचून तिचा घाईवरचा विश्वास उडाला होता.

धामापूरच्या तळ्यापासून दोन वळणांवर कोकमाच्या बियांचं घट्ट तेल काढणारा कारखाना आहे. आपण थंडीत भेगाळलेल्या टाचांना लावतो तेच तेल. इथून ते दुबईला जातं, तिथे शुद्ध होतं, मग हॅम्बुर्गला जाऊन नखाएवढ्या डबीत बसतं आणि जर्मन बायका ते ओठांना लावतात. तिन्ही कंपन्या एकाच मालकीच्या, म्हणजे सख्ख्या बहिणी. आता घरातल्या घरात माल विकताना कोणी भाव मुद्दाम कमी लावला, तर नफा परदेशी जातो आणि त्याच्यावरचा करही त्याच बोटीने जातो. म्हणून सरकारचं म्हणणं असं, की बहिणीला विकलंत तरी परक्याला लावाल तोच भाव लावा, आणि तसा लावल्याचे पुरावे ठेवा. ह्या सगळ्या प्रकाराला ट्रान्सफर प्रायसिंग म्हणतात. धामापुरात तो सांभाळायचं काम दीपिकाकडे होतं.

कारखाना मुळात हरिश्चंद्र परुळेकरांचा. जर्मनांनी तो घेतला तरी संचालक म्हणून खुर्चीत तेच राहिले. त्यांना सगळे भाऊ म्हणत. दीपिकाने त्यांना हा नियम तीनदा समजावला होता आणि तिन्ही वेळा भाऊंनी एकच प्रश्न विचारला होता.

"बहिणीक परक्याचो भाव लावणारो माणूस कसलो गो?"

आता खात्याने दोन वर्षांपूर्वीच्या व्यवहारांवर बोट ठेवलं होतं. दुबईला माल किलोमागे सहाशे पंधरा रुपयांनी दिला. त्याच वर्षी परक्या गिऱ्हाइकाला केवढ्याने दिला ते दाखवा. उत्तर पटलं नाही तर दंड असा होता, की हॅम्बुर्गवाले कारखान्याला कुलूप लावून कोकमाऐवजी दुसऱ्या कुठल्या देशातल्या बिया शोधायला निघाले असते. कारखान्यात चाळीस माणसं होती. त्यामुळे दीपिकाने पदर खोचला, म्हणजे ओढणी कमरेला बांधली, आणि परकी गिऱ्हाइकं शोधायला बसली.

स्थानिक गिऱ्हाइकं निघाली तीन. पहिला भाऊंचा चुलतभाऊ, दुसरा मामेभाऊ. दोघांनाही भाऊंनी मायेचा भाव लावलेला, त्यामुळे दोघेही बाद. राहिल्या मालवण बाजारात मसाल्यांचं आणि कोकमाचं दुकान चालवणाऱ्या आनंदीबाई पाटकर. त्यांनी एकदम तीनशे किलो माल सहाशे चाळीसने उचलला होता. सहाशे पंधरा आणि सहाशे चाळीस, एवढा फरक खातं चालवून घेतं. दीपिकाला इतका आनंद झाला की तिने दुपारचा डबा उघडलाच नाही.

फक्त आनंदीबाईंकडून एक पत्र हवं होतं. संचिताने मसुदा पाठवला तो एका ओळीचा होता: त्या आर्थिक वर्षात माझा सदर कंपनीशी संबंध नव्हता. दीपिकाला ती ओळ फार उघडी वाटली. तिची ख्याती अशी, की पेडव्यासारख्या काटेरी माशाचा एकूण एक काटा काढून वाढावा तसा तिचा कागद असायचा. खाणाऱ्याने नुसता गिळायचा. तिने ओळ दुरुस्त केली. संबंधाच्या जागी नातं घातलं, संचालकांचं नाव घातलं, कुटुंबीय घातले, आणि कोणाला फट सापडू नये म्हणून काळाची दोन्ही टोकंही बांधून टाकली. मग सोबतच्या पत्रावर भाऊंची सही घेतली. भाऊंनी ती न वाचता केली, कारण ते त्या वेळी फोनवर मांडववाल्याशी बोलत होते.

हॉलपुढे मांडव घातला जाणार होता तो भाऊंची मुलगी रिया हिच्या साखरपुड्याचा. आणि मुलगा होता आनंदीबाईंचा ओमकार.

दीपिकाला हे माहीत नव्हतं असं नाही. साखरपुड्याच्या हॉलचा नंबर तिनेच मिळवून दिला होता. पण त्या आठवड्यात तिच्या डोक्यात ओमकारची आई निराळी होती आणि ग्राहक क्रमांक तीन निराळी होती, आणि दोघींची अजून भेट झाली नव्हती.

मालवणला टेम्पो जाणारच होता, म्हणून तिने पाकीट ड्रायव्हर धोंडूकडे दिलं. धोंडू माणूस सरळ, पण दशावतारात राजाची कामं करतो, त्यामुळे हळू वाचणं त्याला जमत नाही. आनंदीबाईंनी चष्मा घरी राहिल्याचं सांगून त्यालाच वाचायला लावलं. दुकानात सात-आठ गिऱ्हाइकं होती. धोंडूने घसा साफ केला आणि दरबारात फर्मान वाचावं तसं वाचलं, की मी आनंदीबाई पाटकर जाहीर करते, की श्री. हरिश्चंद्र परुळेकर यांच्याशी माझे वा माझ्या कुटुंबीयांचे कोणतेही नाते पूर्वी नव्हते, आज नाही आणि यापुढेही असणार नाही.

धोंडू नंतर सांगत होता, की दुकानातला तराजूसुद्धा हलायचा थांबला. आनंदीबाईंनी सोबतच्या पत्रावरची भाऊंची सही बघितली, पेन मागितलं आणि सही ठोकून दिली.

तो कागद दीपिकाच्या हातात आला तेव्हा ती पाचवा दिवस मोजत होती. सही ठळक, अंगठ्याएवढी. तिने तो स्कॅन करून लगेच पुण्याला, खात्याच्या पोर्टलवर चढवला आणि हॅम्बुर्गला कळवलं, की काम एक दिवस आधी झालं आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी भाऊ तिच्या टेबलापाशी येऊन उभे राहिले. आनंदीबाईंनी बोलणीच्या वेळचं लुगडं परत पाठवलं होतं. हॉलवाला विचारत होता, की रद्द कायमचं का तात्पुरतं. रियाने दार आतून लावून घेतलं होतं. भाऊंचा आवाज चढला नाही, त्यामुळे दीपिकाला जास्त लागलं.

"तू काय लिवलंस ता माका वाचून दाखव," ते म्हणाले.

तिने वाचलं. शेवटच्या तीन शब्दांशी आली तेव्हा तिच्या डोक्यात ओमकारची आई आणि ग्राहक क्रमांक तीन यांची अखेर भेट झाली. ती तशीच उठली, स्कूटर काढली आणि मालवणला निघाली. हे मी बांधलंय, मीच सोडवणार, असं ती वाटेतलं कट्टा गाव येईपर्यंत स्वतःशी म्हणत होती.

आनंदीबाईंनी तिला बसायला स्टूल दिलं, पाणी दिलं आणि तिच्याकडे पाठ करून मिरच्या निवडत राहिल्या. त्या पाठीला दीपिकाने सगळं ट्रान्सफर प्रायसिंग सांगितलं: दुबई, हॅम्बुर्ग, सख्ख्या बहिणी, परक्याचा भाव. अर्ध्या तासाने पाठ वळली. चूक कोणाची हे आनंदीबाईंना समजलं होतं, पण कागद फाडून टाक म्हटल्यावर तो पुण्याला पोचलाय हे ऐकून त्यांनी निवडलेल्या मिरच्या बाजूला सारल्या.

"कागदार तोडलंस, तर जोडूचा पण कागदारच," त्या म्हणाल्या. "तोंडी माका काय नको."

दीपिकाने माघार घेतली नाही. तिथेच बसून पर्समधल्या कंपनीच्या लेटरहेडवर लिहिलं, की आनंदीबाई पाटकर या संचालकांच्या होणाऱ्या विहीणबाई असून उभय घराण्यांचं नातं अतूट आहे. भाऊंनी येऊन सही केली, ह्या वेळी दोनदा वाचून. लुगडं परत गेलं, हॉल परत मिळाला, रियाने दार उघडलं. दीपिका रात्री पोटभर जेवली.

चार दिवसांनी कर खात्याच्या पुण्याच्या अधिकारी बाईंनी, पद्धतीप्रमाणे, थेट आनंदीबाईंना विचारलं, की कंपनीशी आपलं नातं आहे काय. आनंदीबाईंनी उत्तरादाखल ते लेटरहेडच पाठवून दिलं. त्यांच्या मते ह्याहून चांगला पुरावा जगात नव्हता.

संचिताचा फोन आला तेव्हा ती इतकंच म्हणाली, की एकाच बाईचे दोन कागद आहेत, दोन्हींवर तुझाच शिक्का आहे, आणि शुक्रवारी अकरा वाजता व्हिडिओवर सुनावणी आहे.

दीपिकाला त्या क्षणी राजीनामा लिहावासा वाटला. पण तोही आपण फार बारकाईने लिहू अशी भीती वाटून तिने तो बेत सोडला. त्याऐवजी तिने भाऊंना, आनंदीबाईंना आणि धोंडूला समोर बसवून एकच बजावलं: काय घडलं ते घडलं तसं सांगायचं, एक अक्षर जास्त नाही.

सुनावणीला तिने स्वतःपासून सुरुवात केली. मसुदा एका ओळीचा होता, मी वाढवला, चूक माझी, असं स्वच्छ सांगितलं. अधिकारी बाईंनी दोन्ही कागद शेजारी शेजारी धरले आणि बराच वेळ वाचले. मग त्यांनी आनंदीबाईंना विचारलं, सोयरिकीचं पहिलं बोलणं कधी झालं. आनंदीबाईंनी ऑफिससाठी ठेवणीतली मराठी काढली. यंदाच्या भगवतीच्या जत्रेत मुलीला प्रथम पाहिलं, असं त्या म्हणाल्या. म्हणजे विक्रीनंतर पावणेदोन वर्षांनी. पण मग सहाशे चाळीस हा भाव कसा ठरला, असं विचारल्यावर ठेवणीतली मराठी पुरली नाही.

"मॅडम, ह्यांनी सांगितलो आठशे. मी म्हटलं पाचशे. दोन तास भाव करीत बसलंय, वर पाणी पण इचारूक नाय ह्यांनी. तेव्हा व्याही आसते तर भाव केलो असतंय काय?"

भाऊंनी मान खाली घातली. पाणी विचारलं नव्हतं हे खरं होतं. अधिकारी बाईंनी ते लिहून घेतलं. दीपिकाला दिसलं, की लिहिताना त्या ओठ चावून हसू आवरत होत्या.

सहाशे पंधरा हा भाव मान्य झाला. हॅम्बुर्गहून अभिनंदन आलं. संचिताने मात्र फोन करून आठवण करून दिली, की पुढच्या वर्षी आनंदीबाईंचं नाव दाखवू नकोस, आता तुला नवीन परकं गिऱ्हाईक लागणार.

ते गिऱ्हाईक साखरपुड्यातच भेटलं. वैभववाडीचे सत्यवान रावराणे, औषधी तेलांचे व्यापारी. पंगतीत दीपिकाच्या शेजारी बसले होते आणि दोनशे किलो माल हवा होता. तिने पानावरचा हात पुसला, पर्समधून वही काढली आणि आधी खात्री म्हणून विचारलं, की भाऊंशी तुमचं काही नातं? नाही. आनंदीबाईंशी? मुळीच नाही; एका ओळखीच्या माणसाबरोबर आलोय. दीपिकाने समाधानाने नाव लिहिलं.

"तुझा आडनाव काय गो?" त्यांनी सहज विचारलं.

"धुरी."

"कणकवलीचे धुरी? आई खयची?"

"नांदगावची."

सत्यवानरावांनी पुरीचा घास खाली ठेवला आणि तिच्याकडे डोळे भरून बघितलं. "म्हणजे तू आमच्या सीताक्काची मुलगी. अगो, मी तुझो चुलतमामा."

दीपिकाने वही मिटली, वाकून त्यांना नमस्कार केला आणि वाढप्याला मामांच्या पानात अजून श्रीखंड वाढायला सांगितलं.