मलिद्याचा कोरम

मरीन परेडच्या एका कॉन्डोत राहणारे मोझेस झिराडकर धर्माने ज्यू, भाषेने मराठी आणि कामाच्या पासावर सिंगापूरचे पाहुणे होते. या तिन्ही गोष्टी एकाच माणसात मावतात यावर आजवर कुणाचा विश्वास बसला नव्हता. पण त्यावाचून त्यांचं काही अडलंही नव्हतं. अडलं ते ठाण्याहून आबा, म्हणजे वडील, आले तेव्हा.

आबांचं हृदयाचं ऑपरेशन सुखरूप पार पडलं होतं आणि लेकाच्या घरी मलिदा करीन, असा त्यांचा एलियाहू हन्नबी या प्रेषितांना नवस होता. मलिदा म्हणजे गूळखोबऱ्यात कालवलेले पोहे, वर फळं, आणि प्रार्थना. पोहे सूनबाई सिपोराने लिटल इंडियातल्या टेक्का बाजारातून आणले. पण प्रार्थनेला दहा ज्यू पुरुष हवेत, असा आबांचा हट्ट. त्यात त्यांचं परतीचं विमान तोंडावर आलेलं.

"आबा, दहा कुठून आणू?"

"अरे, एवढं मोठं शहर, आणि दहा माणसं मिळेनात? आपल्या गावी रेवदंड्यात मिळायची!"

मोझेसनी ओळखीच्या एका ज्यू मंडळाला विनंती केली. मंडळाने तत्परतेने पात्रता पडताळणी उपसमिती नेमली. झिराडकर हे नाव सकृद्दर्शनी ज्यू वाटत नाही, असं तिचं प्राथमिक मत पडलं. दोन हजार वर्षांपूर्वी आमच्या पूर्वजांचं जहाज कोकणच्या किनाऱ्याशी फुटलं, असं आमच्यात सांगतात, असा खुलासा मोझेसनी केला. उपसमितीने जहाजाची कागदपत्रं मागितली.

"अहो साहेब, जहाज बुडालं!"

"मग बुडाल्याचा दाखला जोडा," अध्यक्ष शांतपणे म्हणाले.

अखेर ज्यूपण आईकडून येतं म्हणून मोझेसच्या आईच्या आईच्या आईचं नाव नोंदवून आणि पोहे धर्मात बसतात की नाही हा निर्णय राखून ठेवून आठ पुरुष मंजूर झाले. आबा आणि मोझेस धरून दहा. आबांनी नवी टोपी काढली.

संध्याकाळी आठही जण वेळेवर आले आणि तिथेच घात झाला. रॅफल्स प्लेसमधला बँकवाला अमेरिकेत ज्या पंथात वाढला तिथे दहांत बायकाही धरतात. म्हणून दाढीवाल्या गृहस्थांनी त्याला मोजायचं नाकारलं. बँकवाल्याने तेल अवीवच्या योआवला नाकारलं, कारण तो देवच मानत नाही. योआवने दाढीवाल्यांच्या शेजाऱ्याला नाकारलं, कारण तो लग्नानंतर ज्यू झालेला. सगळ्यांनी स्वतंत्रपणे मोजणी केली आणि प्रत्येकाची नऊच भरली. वगळलेला माणूस तेवढा प्रत्येकाचा वेगळा.

"अहो, पोह्यांचा गोळा व्हायला लागला!" स्वयंपाकघरातून सिपोरा ओरडली.

दाढीवाल्यांनी फेरमोजणीचा ठराव मांडला. त्याला अनुमोदक कोण पात्र, यावर नवा वाद पेटला. ऑपरेशनच्या टेबलावर न घाबरलेल्या आबांच्या डोळ्यांत पाणी आलं. देवाने जीव वाचवला आणि त्याला धड धन्यवादही देता येऊ नयेत? त्यांना भारी वाईट वाटलं. मग रागही आला. टोपी घट्ट बसवून त्यांनी कुणालाही न विचारता चिरक्या आवाजात हन्नबींचं गाणं सुरू केलं.

ते सगळ्यांनाच तोंडपाठ निघालं. भांडणाऱ्यांची तोंडं आपोआप गाऊ लागली आणि शेवटचं 'आमेन' एवढं दणदणीत झालं की खालच्या मजल्यावरून तक्रार आली. नवस फिटला. आबांनी पोह्यांचा पहिला घास खाल्ला आणि लहान मुलासारखे हसले.

मलिदा खायला शेजारचे शैलेंद्र आले होते. मूळचे पुण्याचे. त्यांनी सगळा तमाशा सोफ्यावरून पाहिला होता.

"कमाल आहे बुवा तुम्हा लोकांची!" बशी पुसत ते म्हणाले. "मूठभर तुम्ही, त्यात पुन्हा हा खरा आणि तो खोटा! आमच्यात असलं काही नाही हं."

"आणखी घ्या ना," मोझेस म्हणाले.

"थोडंच. बरं, नवव्या मजल्यावर ते रत्नदीप राहायला आलेत ना, भारी हुशार माणूस. पण नुसतं नावच सांगतात हो. तुम्हाला कळलं का त्यांचं आडनाव?"

मोझेसना ठाऊक होतं. त्यांनी शैलेंद्रांच्या बशीत केळं वाढलं. ठाऊक आम्हालाही आहे, पण सांगणार नाही. वाचकहो, तुम्ही मात्र एवढ्यात दोन-तीन आडनावं लावूनही पाहिलीत, हो ना?