पाऊण टाकीतून गेली किती?

सासऱ्यांच्या गाडीचा पेट्रोलचा काटा कधीच मेला होता. त्यामुळे परतीच्या वाटेवर पंप दिसला तेव्हा जावईबापूंना मनातल्या मनात हिशेब करावा लागला. घरून निघताना टाकी मोजून पाऊण भरली होती. त्यातून, नेहमीप्रमाणे, अख्ख्या टाकीच्या दोन तृतीयांश इतकं पेट्रोल जातानाच संपलं होतं. मागे सासूबाई झोपल्या होत्या. त्यांनी जन्मभर शाळेत गणित शिकवलेलं. त्यांना उठवून अपूर्णांक विचारण्यापेक्षा आगीत हात घातलेला बरा!

तीन छेद चार वजा दोन छेद तीन. वर तीनातून दोन गेले, एक. खाली चारातून तीन गेले, एक. एक छेद एक, म्हणजे टाकी पूर्ण! गाडी पळून पळून टाकी भरली कशी, अशी शंका त्यांना चाटून गेली. पण गणिताला उलट प्रश्न विचारायची छाती त्यांना शाळेतही झाली नव्हती.

“पुरेल ना?” शेजारून सासऱ्यांनी विचारलं.

“भरपूर आहे, बाबा.”

पंप मागे पडला. जंगल लागलं, दिवस कलला आणि ऐन चढावर गाडीने दोन आचके देऊन प्राण सोडला. समोर पाटी होती : ‘बिबट्यांपासून सावधान’.

जावईबापूंनी आधी मागे वळून सासूबाई झोपल्याची खात्री केली. दबक्या आवाजात त्यांनी सगळा हिशेब सांगून टाकला.

“अहो, आधी छेद सारखे करायचे असतात!” सासरे कुजबुजले. “नऊ बारांशातून आठ बारांश गेले, उरला एक. लग्न झाल्यावर पहिल्याच महिन्यात शिकलोय मी हे. रडत रडत.”

“मग आता आईंना...”

“हळू बोला! काहीतरी हललं.”

हललं होतं ते मागच्या सीटवर. “गाडी का थांबली?”

“इंजिन!” दोघं एकदम म्हणाले आणि खाली उतरून बॉनेटखाली डोकी खुपसून उभे राहिले. झाडीत काहीतरी गुरगुरलं. तरी गाडीत परत जायचं नाव कुणी काढेना. बिबट्या निदान उदाहरणं तरी घालत नाही.

तेवढ्यात एक जीप थांबली. “मी गॅरेजवालाच आहे. बघू काय झालंय.” त्याने इकडेतिकडे चाचपलं. “इथं तर सगळं ठीक दिसतंय. पेट्रोल आहे ना?”

सासूबाईंनी काच खाली केली.

“भरपूर!” जावईबापू ओरडले.

“मग इंजिनच खोलावं लागेल. अख्खं.”

सासऱ्यांनी जावयाचा हात घट्ट धरला, डोळे मिटले आणि म्हणाले, “खोला.”