दिव्याखालची फांदी

नोव्हेंबर अर्ध्यावर आला तरी कुसाकाबेंच्या अंगणातला मेपल हिरवागार होता आणि त्यामुळे तादाफुमी कुसाकाबे स्वतःच लाल होत चालले होते. सकाळी दात घासता घासता ते अंगणात जात, एखादं पान उलटून बघत, आत येत, आणि चूळ भरायची राहिली म्हणून पुन्हा बाहेर जात. थर्मामीटर बनवणाऱ्या कारखान्यात सगळा जन्म काढून ते निवृत्त झाले होते, आणि त्याची खूण म्हणून झाडाच्या तीन फांद्यांवर तीन थर्मामीटर लटकत होते. "झाडाला ताप आलाय का?" असं त्यांच्या बायकोनं, सुमिएनं, एकदा विचारलं होतं. त्यांनी आकडा सांगितला होता.

प्रश्न नुसत्या झाडाचा असता तर तादाफुमी एवढे बेचैन झाले नसते. लग्न झाल्यापासून दर शरदात मेपलची लाल पानं बघायला त्या दोघांना सुमिएच्या थोरल्या बहिणीकडे, किकुएताईंकडे, जावं लागे. ताईंच्या अंगणातला मेपल जुना, पसरलेला आणि खरोखर देखणा होता. त्याखाली बसून त्यांचे यजमान रोकुरोराव स्वतःच्या कविता वाचत, आणि त्या वेळी सुमिए आत भांडी घासत असे. तिच्या मागे उभं राहून ताई सांगत, "सुमिए, कप कडेला धरू नये गं. पोटाशी धरावा." परतीच्या गाडीत सुमिए कधी काही बोलत नसे. फक्त एकदा, खिडकीबाहेर बघत म्हणाली होती, "एकदा तरी ताईनं आपल्याकडे यावं. मी वाढावं आणि तिनं बसून खावं."

हे वाक्य तादाफुमींच्या मनात रुतून बसलं. तीन वर्षांपूर्वी डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या एका रोपवाटिकेत जाऊन त्यांनी मेपल घेतला तो त्यासाठीच. मेपल शरदातच निवडावा, म्हणजे रंग डोळ्यांनी बघून घेता येतो, हे त्यांनी वाचलं होतं. त्याप्रमाणे त्यांनी रांगेतलं सगळ्यांत लाल कलम उचललं. सुमिएला एक वाकडं, साध्या पानाचं झाड आवडलं होतं. ती एवढंच म्हणाली की इथे डोंगरावरून गार वारा येतोय, आपल्या गल्लीत दोन्ही बाजूंनी भिंती आणि शेजारच्यांच्या बंबाची ऊब, तिथे हे झाड असंच वागेल का? तादाफुमी म्हणाले की रंग हा झाडाचा गुण असतो, गल्लीचा नाही.

पहिल्या वर्षी झाड जागा बदलल्यामुळे रुसलं. दुसऱ्या वर्षी दुपारच्या उन्हानं पानांच्या कडा करपल्या आणि शरद यायच्या आतच ती चुरगळून गळाली. या वर्षी मात्र तादाफुमींनी काही कमी पडू दिलं नव्हतं. पश्चिमेला बोरूचा पडदा लावला, मुळांवर शेवाळाची गादी वाढवली, उन्हाळ्यानंतर खत बंद केलं. पानं एकूण एक शाबूत राहिली. त्या भरवशावर सुमिएनं ताईंना आमंत्रण धाडलं, आणि नवल म्हणजे ताईंनी ते लगेच स्वीकारलं. नोव्हेंबरच्या शेवटच्या गुरुवारी दोघं येणार होते. झाडाला मात्र कुणी आमंत्रण दिलेलं नसावं.

एका संध्याकाळी अंगणात येरझाऱ्या घालताना तादाफुमी अचानक थांबले. झाडाची घराकडची बाजू किंचित तांबूस दिसत होती. गल्लीकडची बाजू मात्र तशीच हिरवी. आणि त्या बाजूवर, वसंतात बदललेला गल्लीचा नवा पांढराशुभ्र दिवा प्रकाश ओतत होता.

"सुमिए, या झाडाला दिवस संपल्याचं कळतच नाहीये," ते आत येऊन म्हणाले. "त्याला वाटतंय अजून ऑगस्टच चालू आहे."

"मग जाऊन सांगा त्याला."

तादाफुमी झाडाला सांगू शकत नव्हते, म्हणून ते अंझाईसानना सांगायला गेले. अंझाईसान हे गल्लीच्या मंडळाचे प्रमुख. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं, आणि दिवा सगळ्यांचा असल्यामुळे फिरत्या पाटीवर सूचना लावावी लागेल असं सांगितलं. ही पाटी घरोघर जाते, प्रत्येक घर वाचतं, शिक्का मारतं आणि पुढच्या दारी ठेवतं. दुसऱ्या दिवशी पाटीवर सूचना होती: कुसाकाबे यांचा मेपल लाल होत नसल्यामुळे दिवा झाकण्याबाबत मत कळवावे.

मत कुणीच कळवलं नाही. पण न बघता शिक्का मारणं बरं दिसत नाही, म्हणून प्रत्येक घर झाड बघायला आलं. लोक फाटकाशी उभे राहत, आजाऱ्याच्या खोलीत बोलतात तशा आवाजात "लवकर बरं वाटो" अशा अर्थाचं काहीतरी पुटपुटत आणि जात. समोरच्या होरिगुचीआजी सगळ्यांत शेवटी आल्या. एकट्या राहणाऱ्या, कण्यानं ताठ, कुणाचं काही अंगावर न ठेवणाऱ्या. त्यांनी झाड बघितलं, दिवा बघितला, आणि नम्रपणे म्हणाल्या की दिवा खुशाल झाका, त्यांना तसंही बॅटरी विकत घ्यायचीच होती.

आजी रोज संध्याकाळी त्याच दिव्याखालून घरी येत. आता पूर्ण दिवा झाकणं शक्य नव्हतं. अंझाईसाननी पत्र्याचा एक तुकडा वाकवून दिव्याला अर्धी टोपी घातली. आजींच्या दारापुढे उजेड राहिला, झाडावर अंधार झाला. फक्त गल्लीवर डोकावणारी एक फांदी उजेडातच राहिली, कारण ती आजींच्या वाटेवरच होती.

अंधाराबद्दल आणि पुढे दारोदारी पानं पडतील त्याबद्दल आगाऊ माफी मागणं आलं. तादाफुमी गोड सारणाच्या वड्यांचे डबे घेऊन आले. सुमिएनं एक डबा हातात तोलला आणि कपाळाला आठी घातली.

"अहो, एवढा जड डबा? माफी मागताय की मुलगी मागताय?"

"चांगलं ते द्यावं माणसानं."

"त्यांना परतफेड करावी लागेल ना. हलकं दिलं असतं तर गोष्ट तिथेच मिटली असती."

तिचं म्हणणं खरं ठरलं. दोन दिवसांत पर्सिमनची फळं आली, मुळ्याचं लोणचं आलं, नक्षीदार रुमाल आले. होरिगुचीआजींकडून मात्र काहीच आलं नाही. त्या सकाळी दारात उभ्या राहून कुसाकाबेंच्या घराकडे एकटक बघत, आणि तादाफुमींची नजर गेली की वाकून नमस्कार करून आत जात. वड्या बिघडलेल्या निघाल्या की काय, या काळजीनं तादाफुमींनी उरलेला डबा उघडून एकापाठोपाठ एक पाच वड्या खाऊन पाहिल्या. चांगल्या होत्या.

मग थंडी आली. तिन्ही थर्मामीटरांचे पारे एकदम खाली उतरले, आणि अंधारातल्या फांद्या आठवडाभरात अशा पेटल्या की गल्लीतून जाणाऱ्यांची पावलं थबकू लागली. फक्त ती एक फांदी हिरवी होती. लाल झाडाच्या खांद्यावर कुणी चुकून दुसऱ्याच झाडाचा हात शिवावा तशी ती दिसत होती. बुधवारी दुपारी तादाफुमी करवत घेऊन शिडीवर चढले.

"खाली या," सुमिए म्हणाली.

"एकच फांदी आहे गं. ताईंची नजर नेमकी तिच्यावरच जाणार."

"आज तिला कापाल, उद्या पाहुण्यांच्या डोळ्यांत खुपते म्हणून मला कापाल. आधी खाली या."

तादाफुमी खाली आले. सुमिएनं करवत नेऊन तांदळाच्या डब्यामागे ठेवली.

त्या रात्री वारा सुटला. सकाळी तादाफुमींनी दार सरकवलं आणि ते तिथेच मटकन बसले. झाडाच्या काड्या झाल्या होत्या. सुमिए मागून येऊन उभी राहिली. मग म्हणाली, "खाली बघा."

हिरव्या शेवाळावर लाल पानं पडली होती. एकावर एक नाही, जवळजवळ, जणू कुणी रात्रभर बसून मांडली असावीत. फाटकाबाहेर गल्लीतसुद्धा लाल पायघडी पसरली होती. झाडावर असताना ती कधी एवढी सुंदर दिसली नव्हती. तादाफुमींच्या जिवात जीव आला. त्यांनी अंगणात पाय ठेवायची सगळ्यांना, म्हणजे सुमिएला, बंदी केली, आणि ते मागच्या दारानं पाहुण्यांना आणायला स्टेशनवर गेले. सुमिए सांगून ठेवलेली मासळी आणायला कोळ्याच्या दुकानात गेली. घर तासाभरासाठी रिकामं राहिलं.

स्टेशनवरून चालत येताना किकुएताई नेहमीपेक्षा गप्प होत्या. त्यांचं काही बिनसलंय की काय, असं वाटून तादाफुमी दर दहा पावलांनी हवेबद्दल काहीतरी बोलत होते. गल्लीच्या तोंडाशी गुरुवारची कचरागाडी आपली नेहमीची धून वाजवत बाहेर पडत होती. मागच्या बाजूला पारदर्शक पिशव्या रचलेल्या होत्या आणि त्यांतून ऊन लालभडक होऊन बाहेर येत होतं. रोकुरोराव थांबून बघत राहिले.

"तुमच्या गल्लीत कुणाचा तरी मेपल फार सुंदर असला पाहिजे हो."

तादाफुमी जवळजवळ धावत फाटकाशी पोचले.

गल्ली लख्ख होती. अंगण त्याहून लख्ख होतं. शेवाळावर बांबूच्या झाडूच्या सरळ समांतर रेघा उमटल्या होत्या आणि एक पान म्हणून शिल्लक नव्हतं. फाटकाशी होरिगुचीआजी झाडू घेऊन उभ्या होत्या आणि त्यांच्याशेजारी अंझाईसान घाम पुसत होते. आजींच्या चेहऱ्यावर बऱ्याच दिवसांनी सुटका झाल्याचं समाधान होतं. एवढा जड डबा आला, त्याला साजेसं काय द्यावं हे सुचतच नव्हतं, असं त्यांनी सांगितलं. त्यातून आज पाहुणे येणार आणि नेमकी आजच अंगणात ही घाण.

"शेवाळातली बारीक पानं हातानं वेचली," आजी म्हणाल्या. "तुम्ही काही मनावर घेऊ नका."

तादाफुमी कमरेतून वाकले आणि आभार मानले. नाक जमिनीजवळ गेलं तेव्हा त्यांनी एकदा शेवटचं पाहून घेतलं. खरंच एकही पान नव्हतं.

सुमिए परतली तेव्हा पाहुणे अंगणाकडच्या ओसरीवर बसले होते. तिनं अंगण पाहिलं, नवऱ्याचा चेहरा पाहिला, आणि काही न विचारता चहा ठेवला. समोर उघडं झाड होतं आणि त्याला एकच फांदी पानांची होती, हिरवीगार. रोकुरोरावांनी खिशातून घडी घातलेला कागद काढला, फांदीकडे पाहिलं, कागदाकडे पाहिलं, आणि कागद परत खिशात ठेवला. त्यांची कविता लाल पानांवर होती.

"हा बारमाही हिरवा राहणारा प्रकार आहे का?" ताईंनी विचारलं.

तादाफुमींनी दिवा, पाटी, पत्रा आणि वड्या असं सगळं सांगून टाकलं. उजेडामुळे त्या फांदीला शरद आल्याचा पत्ताच लागला नाही, म्हणून ती ना लाल झाली ना गळाली. ताई हसतील, किंवा न हसता काहीतरी बोलतील, म्हणून त्यांनी मान खाली घातली. पण ताई उठल्या, चपला घालून झाडापाशी गेल्या, आणि बुंध्याभोवतीची माती बोटांनी चाचपू लागल्या.

"इथे कधी लाकडाचा भुसा पडलेला दिसतो?"

"नाही," तादाफुमी म्हणाले.

"दिसला तर त्याच दिवशी आतली अळी शोधून काढा. आमच्याकडे जूनमध्ये दिसला होता. मला वाटलं शेजारी सुतारकाम चाललंय." त्या मातीकडेच बघत होत्या. "ऑगस्टमध्ये झाड वाळलं गं, सुमिए. उभंच्या उभं. यंदा तुला कुठल्या तोंडानं बोलावू, या विचारानं माझी झोप उडाली होती, आणि तेवढ्यात तुझंच आमंत्रण आलं."

रोकुरोराव कपात बघत राहिले. मग सुमिए म्हणाली, "आधी जेवून घ्या. गार होतंय."

त्या दिवशी सुमिएनं वाढलं आणि ताईंनी बसून खाल्लं. कविता झाली नाही. जेवताना ताईंची नजर सारखी त्या फांदीकडे जात होती. ती लाल व्हायला अजून किती दिवस लागतील असं त्यांनी विचारलं. थंडी अशीच राहिली तर दोनेक आठवडे, असं तादाफुमींनी पारा बघून सांगितलं. मग आम्ही तेव्हा पुन्हा येऊ, असं ताईंनी परस्पर ठरवून टाकलं, आणि नवी कविता लिहायला तेवढा वेळ पुरेल असं रोकुरोराव म्हणाले.

तादाफुमी लगेच बेचैन झाले. ती फांदी गळायच्या आत आजींना झाडू हाती घेऊ नका असं सांगायला हवं होतं. पण रिकाम्या हातानं कसं सांगणार? आणि काही घेऊन गेलं तर आजी पुन्हा परतफेड करणार. ते ओसरीवर येरझाऱ्या घालू लागले.

आतून नळाचा आवाज येत होता. ताई हट्टानं भांडी घासायला बसल्या होत्या. तादाफुमी स्वयंपाकघराच्या दाराशी येऊन थबकले. सुमिए ताईंच्या मागे उभी होती, हात पुसत, मान जराशी कलती करून.

"ताई," ती म्हणाली, "कप पोटाशी धरू नये गं. कडेला धरावा."

नळाची धार क्षणभर थांबली.

"बरं," ताई म्हणाल्या, आणि कप कडेला धरला.