मत द्या, तलवार घ्या

चेलनाने तो मेसेज पाठवला तेव्हा ती कॉलेजच्या प्रयोगशाळेच्या दारात उभी होती आणि मागून मॅडम ओरडत होत्या, "मोबाईल टेबलावर, मुलींनो, मोबाईल टेबलावर!" घाईत तिने 'परिवार' एवढाच शब्द पाहिला, बोट टेकवलं, मोबाईल ठेवला आणि प्रॅक्टिकलला आत गेली.

तिच्या मोबाईलमध्ये परिवार दोन होते. एक 'जळगाव ॲनिमे परिवार'. त्यात जपानी कार्टून मालिकांवर जीव टाकणारी साठ-सत्तर पोरंपोरी होती. दुसरा 'दलिचंद भांडी भांडार परिवार'. त्यात तिच्या आजोबांची नऊशे गिऱ्हाइकं होती आणि दुकानाच्या जाहिराती चेलनाच टाकायची. मेसेज गेला दुसऱ्या परिवारात.

"वर्षातला आवडता ॲनिमे निवडा! मत द्या, कोड मिळवा! तलवार किंवा ढाल मोफत!! फक्त आज, पाचपर्यंत." आणि खाली लिंक.

हा कोड मोबाईलवरच्या एका खेळातला होता. त्या खेळात प्रत्येक जण योद्धा होऊन फिरतो आणि कोड टाकला की त्याच्या योद्ध्याला शस्त्र मिळतं. एक कोड एकदाच चालतो. खेळ काढणाऱ्या कंपनीने मतदारांसाठी सातशे कोड दिले होते. रविवारी जळगाव आणि धुळ्याच्या चाहत्यांचा एकत्र मेळावा होता, आणि जिंकलेला ॲनिमे तिथे मोठ्या पडद्यावर दाखवायचा होता. चेलनाला हवा होता 'चंद्रपर्वताचा एकाकी योद्धा'. धुळ्याचा तिचा मामेभाऊ अर्हम 'राक्षसाची खानावळ'साठी घसा कोरडा करत होता. आठ दिवस दोघं एकमेकांशी प्रचारापुरतंच बोलत होती.

साडेदहाला तिचे आजोबा दलिचंदशेठ गादीवर बसतात न बसतात तोच कलाबाई दुकानाची पायरी चढली. ती पारोळ्याची. लेकीकडे जळगावला आली की ह्या दुकानात आल्याशिवाय परत जात नसे.

"भाऊ, मी मत दिधं. आते मनी वस्तू द्या."

"कसली वस्तू, अक्का?"

"हाऊ तुमनाच मेसेज शे ना? वाचा."

शेठनी चष्मा लावून मेसेज तीनदा वाचला. चेलनाला फोन लावला, तो नुसताच वाजत राहिला. चाळीस वर्षांत ह्या दुकानाने जाहीर केलेली वस्तू दिली नाही, असं एकदाही घडलं नव्हतं. चमचा म्हटला की चमचा, वाटी म्हटली की वाटी.

"पोरीनं काहीतरी स्कीम काढलेली दिसते," ते भटूला म्हणाले. असोद्याचा भटू बावीस वर्षं त्यांच्या दुकानात होता.

"पण शेठ, आपल्याकडे तलवारी कुठायत?"

शेठनी दुकानभर नजर फिरवली. ती उलथन्यांच्या जुडीवर थांबली. "हल्लीची पोरं प्रत्येक गोष्टीला काहीतरी नवीन नाव देतात. हीच तलवार."

"आणि ढाल?"

"झाकणी."

"मंग माले ढालच द्या," कलाबाई म्हणाली. "तलवार घर शे."

शेठनी भटूला प्रत्येकाचा कोड चिठ्ठीवर उतरवून घ्यायला सांगितलं. वस्तू दिल्याचा पुरावा नको का? भटूने कलाबाईच्या मोबाईलवरची कोडची बारा अक्षरं लिहिली आणि सवयीने डब्यांवरच्या लेबलांशी ताडून पाहिली. "शेठ, हा कोड आपल्या कुठल्याच मालावर नाही."

"नवा माल असेल. लिही."

"अक्का, मत कोणाला दिलं?" भटूने सहज विचारलं.

"पाच चित्र व्हतात. एक माणूस डोंगरवर एकलाच बठेल. त्याले कोन मत दी? एक राक्षस कढाईमा भाजी हालाई ऱ्हायंता, त्याले दिधं. काम तरी करस!"

कलाबाईने हे सगळं लेकीच्या गल्लीत सांगितलं. बारापर्यंत दुकानापुढची रांग कोपऱ्यावर वळली. असोद्याहून मोटरसायकली आल्या. भडगावची एक मंडळी लग्नाचा बस्ता बांधायला आली होती, ती बस्ता सोडून रांगेत लागली. "आमच्या घरात सहा मतं आहेत," असं कुणी ऐकवू लागलं, तर कुणी "एकगठ्ठा देतो, शेठ, पण तलवार मोठी पाहिजे," अशी बोलणी करू लागलं. एक म्हातारे आबा उलथनं हातात घेऊन गहिवरलेच. "इतकी वर्षं मत देतोय," ते म्हणाले, "पण सांगितलेली वस्तू त्याच दिवशी हातात पडली, हे आजच पाहतोय."

समोरच्या भांडीवाल्या मोतीलालशेठना ती रांग पाहवेना. त्यांनी पोलीस चौकीत कळवलं, "दलिचंदकडे तलवारी वाटतायत." शब्दन् शब्द खरा होता.

पुना नावाचे हवालदार काठी आपटत आले. "शेठ, तलवारी कुठे आहेत?"

"संपत आल्या, साहेब. ढाली भरपूर आहेत."

हवालदारांचा चेहरा बदलला. तेवढ्यात भटूने एक उलथनं पुढे केलं. त्यांनी ते उलटंसुलटं केलं, कडेवरून अंगठा फिरवला.

"याला धार नाही?"

"नाही साहेब. फक्त घावन उलटतं. लिंकवर मत दिलं की मोफत."

हवालदारांनी उलथनं परत दिलं. मग त्यांनी खिशातून मोबाईल काढला आणि आवाज खाली आणून विचारलं, "ती लिंक कुठली म्हणालात?"

साडेतीनला चेलना प्रयोगशाळेतून बाहेर आली. मोबाईलवर आजोबांचे एकोणीस मिस्ड कॉल होते आणि अर्हमचा एक मेसेज: "दीदी, तू एवढ्या मोठ्या मनाची असशील असं वाटलं नव्हतं!" तिने निकालाचं पान उघडलं. राक्षसाची खानावळ, पाचशे अठ्ठ्याऐंशी. एकाकी योद्धा, एक्केचाळीस.

ती धावतच दुकानात आली. "दादाजी! हे काय वाटताय तुम्ही?"

"तुझ्या तलवारी," शेठ म्हणाले.

तिने सगळा घोळ सांगितला आणि पालथ्या पातेल्यावर बसून रडू लागली. शेठना पोरीच्या निवडणुकीपेक्षा वेगळ्याच गोष्टीचा धक्का बसला होता. "म्हणजे लोकांना सांगितलं एक, आणि दिलं दुसरंच?"

"खरी तलवार त्या कोडमध्ये होती, दादाजी."

"आणि कोड तर सगळे भटूच्या डब्यात आहेत," शेठ हळूच म्हणाले. "उलथनं घेऊन गेलेल्यांनी ते वापरले असतील?"

चेलनाचं रडणं थांबलं. डब्यात साडेपाचशेच्या वर चिठ्ठ्या होत्या, आणि त्यांतला एकही कोड कुणी वापरलेला नव्हता. पाचच्या आधीच सातशेचे सातशे कोड संपले. खऱ्या खेळाडूंपैकी बहुतेकांच्या हाती काहीच लागलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी अर्हम धुळ्याहून आला. निवडणूक जिंकलेल्या माणसाचा चेहरा एवढा पडलेला भटूने कधी पाहिला नव्हता.

"दीदी, पुढे आहोत म्हणून आम्ही शेवटच्या घटकेला मत द्यायला बसलो, तर आमच्या मंडळात एकालाही कोड मिळाला नाही. सगळे खेळातल्या अग्निसर्पापुढे रिकाम्या हातांनी उभे आहेत. एकच दे ना. निदान मला तरी!"

"मला काय विचारतोस? पाटी वाच."

दारात भटूच्या अक्षरात नवी पाटी होती: 'पाच लिटरचा कुकर घ्या, खरी तलवार मोफत.' त्याखाली चेलनाने बारीक अक्षरात भर घातली होती: 'धुळेकरांसाठी अट: रविवारी आधी एकाकी योद्धा, मग खानावळ.'

"पण निकाल आमच्या बाजूने लागलाय!" अर्हम म्हणाला. "सहाशेच्या वर मतं आहेत आमच्याकडे!"

"मतं तुझ्याकडे," दलिचंदशेठ शांतपणे म्हणाले, "तलवारी आमच्याकडे. आता दोघांनी मिळून मेळावा चालवा."

अर्हमने पाटी पुन्हा वाचली, मोबाईलमधल्या आपल्या निःशस्त्र योद्ध्याकडे एकदा पाहिलं आणि कुकर बांधायला सांगितला.

धुळ्याच्या बसमध्ये तो कुकरचं खोकं मांडीवर घेऊन बसला. चिठ्ठीवरची बारा अक्षरं मोबाईलमध्ये भरताना एक जरी चुकलं तरी कोड वाया जाणार होता, म्हणून त्याचं बाकी कशाकडेच लक्ष नव्हतं. कंडक्टर शेजारी येऊन उभा राहिला.

"एवढं मोठं खोकं? काय शे रे भाऊ त्यामा?"

"तलवार," अर्हम मान वर न करता म्हणाला.

कंडक्टरने मुकाट्याने तिकीट दिलं आणि पुढच्या सीटवरच्या दोन बायकांना मागे जाऊन बसायला सांगितलं.